पंचांनी नाकारलेले लग्न आणि पंचांनीच दिलेली सोडचिठ्ठी

प्रश्न थोडक्यात असा आहे. प्रश्नकर्ते महाराष्ट्रातल्या एका भटक्या विमुक्त समाजातले आहेत. आठ महिन्यांपूर्वी त्यांनी दुसऱ्या जातीतल्या मुलीशी लग्न केले आणि ते ‘कोर्ट मॅरेज’ असल्याचे ते लिहितात. समाजाच्या पंचांनी बैठक बोलावून हे लग्न अमान्य ठरवले, 51,000 रुपये दंड आणि शुद्धीकरण अशी अट घातली, आणि दंड भरेपर्यंत त्यांच्या आईवडिलांशी कोणी रोटीव्यवहार ठेवायचा नाही असे फर्मावले. चुलत्यांच्या दहाव्याला आईवडिलांना पंगतीतून उठवण्यात आले. मोठ्या बहिणीची सोडचिठ्ठी सहा वर्षांपूर्वी याच पंचांनी केली होती; आता तिला स्थळ आले असताना, दंड आला नाही तर ती सोडचिठ्ठीही रद्द करू, अशी धमकी दिली जात आहे. आमचे लग्न कायद्याने टिकते का, पंचांवर काय कारवाई होऊ शकते आणि बहिणीच्या लग्नात अडचण येईल का, असे त्यांचे तीन प्रश्न आहेत.

कौटुंबिक न्यायालयात बरीच वर्षे काम केल्यावर मी पक्षकारांना सुरुवातीलाच एक गोष्ट सांगते, कारण ती ऐकताना अर्धी सुखावते आणि अर्धी बोचते. विवाह जुळवण्याचा, मोडण्याचा किंवा अमान्य ठरवण्याचा अधिकार कोणत्याही जातपंचायतीला, समाजाच्या ट्रस्टला किंवा धर्मगुरूला कायद्याने दिलेला नाही. या तत्त्वामुळे तुमचे लग्न पंचांच्या शब्दाने मोडत नाही. पण याच तत्त्वामुळे तुमच्या बहिणीची सोडचिठ्ठीही पंचांच्या शब्दाने झालेली नाही. एकाच घरात एकाला जे कवच आहे तेच दुसऱ्याच्या पायाखालची जमीन काढून घेते, आणि तुमच्या तिन्ही प्रश्नांचा विचार म्हणूनच एकत्र करावा लागतो.

हे तत्त्व आजकालचे नाही. मुंबई उच्च न्यायालयाने 1876 मध्ये शंभू रघू या नावाने ओळखल्या जाणाऱ्या निकालात स्पष्ट केले होते की, विवाह रद्दबातल ठरवण्याचा किंवा नवरा हयात असताना स्त्रीला पुन्हा लग्नाची परवानगी देण्याचा जातीचा अधिकार न्यायालय मानणार नाही, आणि जातीने परवानगी दिली होती असा प्रामाणिक समज असला तरी द्विविवाहाच्या गुन्ह्यातून सुटका होणार नाही. त्याच मुंबई प्रांतात 1827 चे एक रेग्युलेशन असे सांगत होते की जातीच्या अंतर्गत प्रश्नांत दिवाणी न्यायालयांनी ढवळाढवळ करू नये. म्हणजे पंगतीला कोणी बसायचे हे जातीने ठरवावे आणि कोण कोणाची पत्नी आहे हे न्यायालयाने ठरवावे, अशी वाटणी त्या काळीही होती. पंगतीपुरते दिलेले ते मोकळे रान महाराष्ट्राने 2016 च्या कायद्याने बऱ्याच अंशी काढून घेतले आहे, त्याकडे पुढे येते.

आधी तुमचे लग्न. ‘कोर्ट मॅरेज’ हा शब्द आपल्याकडे इतका सैल वापरला जातो की त्यावरून मला काहीच कळत नाही. तुमच्या हातात नेमका कोणता कागद आहे ते पाहा. एक प्रकार असा की, आळंदीला किंवा एखाद्या विवाह मंडळात विधी झाला आणि नंतर महापालिकेच्या क्षेत्रीय कार्यालयात किंवा ग्रामपंचायतीत 1998 च्या महाराष्ट्र विवाह नोंदणी कायद्याखाली नोंद झाली. त्या प्रमाणपत्रावर ‘नमुना ई’ असे छापलेले असते. दुसरा प्रकार असा की, विवाह अधिकाऱ्यापुढे नोटीस देऊन, तीस दिवस थांबून, तीन साक्षीदारांसमक्ष विशेष विवाह अधिनियम, 1954 खाली लग्न झाले. या दोन कागदांचे वजन सारखे नाही.

पहिल्या प्रकारात लग्न होते ते विधीने, आणि नोंदणी हा त्याचा पुरावा असतो. हिंदू विवाह अधिनियमाच्या कलम 7 प्रमाणे वधू किंवा वर यांपैकी कोणाच्याही रूढीप्रमाणे विधी होणे आवश्यक आहे, आणि सर्वोच्च न्यायालयाने 2024 मध्ये पुन्हा बजावले की विधीच झाला नसेल तर नुसत्या प्रमाणपत्राने हिंदू विवाह होत नाही. पंचांच्या बाजूचा वकील हल्ला करेल तो इथेच. जात वेगळी आहे या मुद्द्यावर तो काही करू शकत नाही, कारण भिन्न जातींतील हिंदूंच्या विवाहांचा प्रश्न 1949 च्या वैधता कायद्याने आणि नंतर 1955 च्या हिंदू विवाह अधिनियमाने कायमचा मिटवला आहे. तेव्हा विधीचे फोटो, व्हिडिओ, पुरोहिताची सही आणि साक्षीदारांची नावे आजच एका जागी ठेवा. दुसऱ्या प्रकारचे प्रमाणपत्र असेल तर काळजी आणखी कमी, कारण 1954 च्या कायद्याखालचे प्रमाणपत्र हा विवाह झाल्याचा निर्णायक पुरावा मानला जातो आणि त्यात विधीचा प्रश्न येत नाही.

पहिल्या प्रकारचा कागद असेल आणि विधीचा पुरावा कच्चा असेल, तर विशेष विवाह अधिनियमाच्या कलम 15 खाली झालेल्या लग्नाची नोंद करून घेण्याची सोय आहे. त्यासाठीही विधी झालेला असावा लागतो, लग्नापासून दोघे एकत्र राहत असावे लागतात, आणि नोंदणीच्या दिवशी दोघांनीही 21 वर्षे पूर्ण केलेली असावी लागतात; लग्नासाठी मुलीला 18 पुरतात, या नोंदीसाठी पुरत नाहीत, आणि हा बारकावा अनेकांच्या लक्षात येत नाही. विधीच झाला नसेल तर सरळ या कायद्याखाली नव्याने लग्न लावून घेणे शहाणपणाचे. तीस दिवसांची जाहीर नोटीस दोन्ही मार्गांत आहे. नोटिशीवर पंच किंवा नातेवाईक हरकत घेऊ शकतात, पण ती फक्त कायद्यातल्या अटींवर: वय, आधीचा हयात जोडीदार, संमती देण्याची मानसिक क्षमता, निषिद्ध नातेसंबंध. ‘समाजाला मान्य नाही’ हे हरकतीचे कारणच होत नाही, आणि विवाह अधिकाऱ्याने नव्या लग्नावरच्या हरकतीचा निर्णय तीस दिवसांत द्यायचा असतो. दोघेही हिंदू असल्यास या कायद्याखाली नोंद केल्याने वारसाहक्क बदलेल ही भीतीही निराधार आहे. 1976 मध्ये घातलेल्या कलम 21-अ मुळे अशा जोडप्यांना हिंदू उत्तराधिकार कायदाच लागू राहतो.

इथे एक गोष्ट आवर्जून तपासा. हिंदू विवाह अधिनियम अनुसूचित जमातींना, केंद्र सरकारने वेगळी अधिसूचना काढल्याशिवाय, लागू होत नाही. त्यांच्यात विवाह आणि काडीमोड दोन्ही रूढीवर चालतात आणि त्यामुळे रूढीचा पुरावा तिथे फार मोलाचा ठरतो. भटके विमुक्त म्हणजे आदिवासी, असा घोटाळा कार्यालयांतही होतो. महाराष्ट्रातल्या बहुतेक विमुक्त आणि भटक्या जाती अनुसूचित जमातींच्या यादीत नाहीत, आणि त्यांना हिंदू विवाह अधिनियम पूर्णपणे लागू होतो. तुमच्या किंवा पत्नीच्या जातीच्या दाखल्यावर नेमके काय लिहिले आहे, त्यावर माझ्या उत्तराचा निम्मा भाग अवलंबून आहे. (या समाजांत पंचायत इतकी प्रबळ का राहिली, याचे उत्तरही इतिहासात आहे. 1871 च्या गुन्हेगार जमाती कायद्याने ज्यांना जन्मतःच गुन्हेगार ठरवले आणि 1952 पर्यंत ज्यांची पोलिसांत हजेरी लागत होती, ती माणसे तंटा घेऊन पोलीस ठाण्यात जाणार नव्हतीच. पंच हा त्यांचा निवारा होता. तो निवारा पुढे तुरुंग झाला हे खरे, पण पंचांना शिव्या देण्याआधी हे आठवलेले बरे.)

आता पंचांवरील कारवाई. ‘महाराष्ट्र सामाजिक बहिष्कारापासून व्यक्तींचे संरक्षण (प्रतिबंध, बंदी व निवारण) अधिनियम, 2016’ हा कायदा राष्ट्रपतींच्या संमतीनंतर जुलै 2017 पासून अमलात आहे. नाशिकमध्ये जातीबाहेर लग्न केलेल्या गर्भवती मुलीची बापानेच हत्या केल्याच्या 2013 मधील घटनेनंतर महाराष्ट्र अंधश्रद्धा निर्मूलन समितीने जातपंचायतींना मूठमाती देण्याची मोहीम सुरू केली, आणि त्या रेट्यातून हा कायदा आला. त्यातली ‘समाज’ या शब्दाची व्याख्या जातीपुरती मर्यादित नाही. जन्माने, धर्मांतराने किंवा धार्मिक विधीने जोडलेला गट, एकाच धर्माचे किंवा पंथाचे लोक, जात आणि पोटजात हे सगळे तिच्यात येतात. जातपंचायत नोंदणीकृत असो वा नसो, तिचे नाव पंचायत असो, गावकी असो की समाज मंडळ, कायदा लागू होतोच. रूढी-विधी पार पाडायला आडकाठी करणे, स्मशान, समाजमंदिर, सभागृह अशा सामाईक जागा नाकारणे, सामाजिक किंवा व्यापारी संबंध तोडायला लावणे ही कृत्ये बहिष्कारात मोडतात. शिक्षा तीन वर्षांपर्यंत कैद किंवा एक लाख रुपयांपर्यंत दंड किंवा दोन्ही, आणि ती बहिष्कार घालणाऱ्याला तर आहेच, त्यासाठी बैठकीला जमणाऱ्याला आणि चिथावणी देणाऱ्यालाही आहे. दंडाची रक्कम पीडिताला देण्याचा आदेश न्यायालय करू शकते.

गुन्हा दखलपात्र आहे, पण जामीनपात्रही आहे. पंचांना पोलीस धरून नेतील आणि ते महिनाभर आत राहतील, अशी अपेक्षा ठेवून तक्रार करू नका. संध्याकाळी ते घरी परततील आणि दुसऱ्या दिवशी ओट्यावर बसलेले दिसतील. तरीही तक्रार करावी, असेच मी सांगते, कारण माझ्या अनुभवात पंचांना धाक कैदेपेक्षा नाव कागदावर येण्याचा अधिक वाटतो. त्यांचा सगळा कारभार तोंडी चालतो, तो तोंडी असतो म्हणूनच चालतो. तुमची पत्नी अनुसूचित जातीची किंवा जमातीची असेल आणि बहिष्कार घालणारे तसे नसतील, तर चित्र पूर्ण बदलते: अत्याचार प्रतिबंध कायद्यात 2015 च्या दुरुस्तीने सामाजिक किंवा आर्थिक बहिष्कार घालणे, इतकेच नव्हे तर त्याची धमकी देणे, हाही गुन्हा ठरला आहे, आणि त्या कायद्याच्या गुन्ह्यांत अटकपूर्व जामिनाला कलम 18 ची आडकाठी आहे.

अशा प्रकरणांत निकाल फिरतो तो बहुधा फिर्यादीच्या मजकुरावर. लोक लिहून आणतात: ‘आमच्या समाजाच्या पंचांनी आम्हांला वाळीत टाकले असून आमचे जगणे मुश्कील केले आहे.’ वाक्य खरे असते, पण त्यात गुन्हा सापडत नाही. कोणी, केव्हा, कुठे, कोणते शब्द उच्चारले आणि त्यानंतर कोणती एक कृती घडली, हे यायला हवे. तुमच्या बाबतीत मी असे लिहून घेईन: ‘दिनांक अमुक रोजी सायंकाळी साडेसातच्या सुमारास समाजमंदिराच्या ओट्यावर झालेल्या बैठकीत अमुक यांनी माझ्या वडिलांना उद्देशून, “दंड भरेपर्यंत तुमच्या दारात कोणी पाय ठेवणार नाही,” असे सर्वांसमक्ष सांगितले, त्या वेळी अमुक व अमुक हजर होते. दिनांक अमुक रोजी माझ्या चुलत्यांच्या दहाव्याच्या पंगतीत माझे आईवडील बसले असता अमुक यांनी त्यांच्यापुढची पत्रावळ उचलून घेतली व त्यांना उठण्यास सांगितले.’ उचललेली पत्रावळ ही एक कृती आहे, तिला तारीख आहे, तिला पाहणारे आहेत. ‘वाळीत टाकले’ हा निष्कर्ष आहे आणि तो न्यायालयाने काढायचा आहे.

फिर्याद घेऊन गेलात की, ठाणे अंमलदार बहुधा सांगेल, ‘हा तुमच्या समाजाचा आपसातला विषय आहे, मिटवून घ्या,’ किंवा ‘एनसी करून घेतो.’ एनसी म्हणजे अदखलपात्र नोंद. हा गुन्हा दखलपात्र असल्याने ती चालत नाही, आणि घाईत ती स्वीकारून घरी येऊ नका. घटना दुसऱ्या हद्दीत घडली असली तरी भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम 173 प्रमाणे कोणत्याही ठाण्याने माहिती नोंदवून घ्यायची असते. नकार मिळाला तर पोलीस अधीक्षकांना किंवा आयुक्तांना लेखी अर्ज पाठवा, त्याची पोच जपा, आणि मग शपथपत्रासह कलम 175 खाली न्यायदंडाधिकाऱ्यांकडे जा. बहिष्कार कायद्याखाली पीडिताला किंवा त्याच्या कुटुंबीयाला थेट न्यायदंडाधिकाऱ्यांकडे तक्रार करण्याचीही मुभा आहे. म्हणजे वडील कचरत असतील तर तुम्ही तक्रार करू शकता. पुढची बैठक ठरल्याची खबर लागली तर जिल्हाधिकाऱ्यांना कळवा. बहिष्कारासाठी जमाव जमण्याची शक्यता दिसल्यास तो रोखण्याचा आदेश ते काढू शकतात.

पुराव्याबद्दल दोनच गोष्टी. समाजाच्या व्हॉट्सॲप गटावर ‘यांच्याकडे कोणी जाऊ नये’ असा संदेश आला असेल, तर केवळ स्क्रीनशॉट पुरत नाही; मूळ फोन जपा, गटातून बाहेर पडू नका, आणि भारतीय साक्ष्य अधिनियमाच्या कलम 63 खालचे प्रमाणपत्र जोडण्याची तयारी ठेवा. दंडाचा काही भाग भीतीपोटी भरला असेल आणि तो कोणाच्या खात्यावर फोनवरून पाठवला असेल, तर ती नोंद सोन्याची आहे, कारण धमकी देऊन घेतलेली रक्कम भारतीय न्याय संहितेप्रमाणे खंडणी ठरू शकते. पंच बहुधा रोखीत घेतात. पावती मागून पाहा; नकार मिळाला तरी मागितल्याचा संदेश पुरावा होतो.

जिवाला धोका वाटत असेल तर मात्र वरचे सगळे मागे ठेवा. सर्वोच्च न्यायालयाने 2006 मध्ये लता सिंग खटल्यात आंतरजातीय विवाह करणाऱ्या सज्ञान जोडप्यांना त्रास देणाऱ्यांवर फौजदारी कारवाईचे आदेश पोलिसांना दिले, आणि 27 मार्च 2018 रोजी शक्ती वाहिनी या संस्थेच्या याचिकेवर सांगितले की दोन सज्ञान व्यक्तींचा विवाह रोखण्याचा खाप पंचायतीचा किंवा कोणत्याही जमावाचा प्रयत्न पूर्णपणे बेकायदेशीर आहे. त्याच निकालात प्रत्येक जिल्ह्यात विशेष कक्ष, तक्रारीसाठी हेल्पलाइन आणि जोडप्यांसाठी सुरक्षित निवासाची सोय यांचे निर्देश आहेत. संरक्षणाचा अर्ज जिल्ह्याच्या पोलीस प्रमुखांकडे द्या, त्यात 2018 च्या या निकालाचा उल्लेख करा, आणि दोन-तीन दिवसांत हालचाल दिसली नाही तर राज्यघटनेच्या अनुच्छेद 226 खाली उच्च न्यायालयात जा. पत्नीला उत्पन्नाची अट न लागता जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडून मोफत वकील मिळू शकतो.

कायद्याने काय होणार नाही, हेही सांगायला हवे. तुमच्या मावशीला तुमच्या घरी जेवायला या, असे कोणतेही न्यायालय फर्मावणार नाही. एखाद्याने स्वतःच्या मनाने संबंध तोडणे आणि पंचांच्या फर्मानामुळे सगळ्यांनी तोडणे यांतला फरक पुराव्याने दाखवावा लागतो. तसेच धर्मसंस्थेने स्वतःच्या विधीने लग्न लावून द्यावे, अशी सक्ती सहसा करता येत नाही. अनुच्छेद 26 खाली धार्मिक बाबी चालवण्याचे स्वातंत्र्य तिला आहे. या स्वातंत्र्याची हद्द कुठे संपते हा वाद मुंबईतूनच सुरू झाला. मुंबई राज्याने 1949 मध्ये समाजबहिष्कृत करण्यावर बंदी घालणारा कायदा केला, दाऊदी बोहरा समाजाच्या धर्मप्रमुखांनी त्याला आव्हान दिले आणि 1962 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो बहुमताने रद्द ठरवला. त्या निकालाचा फेरविचार मागणारी याचिका 1986 ची आहे, आणि फेब्रुवारी 2023 मध्ये घटनापीठाने तो प्रश्न नऊ न्यायाधीशांच्या पीठाकडे सोपवला. तुमच्या प्रकरणावर त्याचा थेट परिणाम नाही. पंचांनी मागितलेला दंड हा कोणत्याही धर्माचा गाभा असल्याचे मला तरी कोणी पटवून दिलेले नाही.

लग्नाच्या दर्जावर मात्र धर्मसंस्थांचा अधिकार सगळीकडेच नाकारला गेला आहे. चर्चच्या न्यायाधिकरणाने विवाह रद्द केला तरी दिवाणी न्यायालयाच्या हुकूमनाम्याशिवाय पहिले लग्न संपत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने 1996 मध्ये ठरवले आणि 2017 मध्ये त्यावर पुन्हा शिक्कामोर्तब केले. दारुल कजा म्हणजे शरियतप्रमाणे निवाडा करणाऱ्या संस्था आणि त्यांचे फतवे यांबाबत जुलै 2014 चा निकाल सांगतो की या संस्था चालवणे बेकायदा नाही, पण त्यांचा निर्णय कोणावरही बंधनकारक नाही आणि तो लादता येत नाही. वलसाडच्या पारशी अंजुमनने, म्हणजे तिथल्या पारशी समाजाच्या संस्थेने, हिंदूशी लग्न केलेल्या पारशी स्त्रीचा आईवडिलांच्या अंत्यविधीत प्रवेशाचा हक्क नाकारला, तेव्हा डिसेंबर 2017 मध्ये सर्वोच्च न्यायालयात सुनावणी सुरू असताना अंजुमनने तिला प्रवेश देण्याची तयारी दाखवली. विशेष विवाह कायद्याखाली लग्न केल्याने बाईचा धर्म नवऱ्याच्या धर्मात विरून जातो, हे मत न्यायालयाला प्रथमदर्शनीच पटले नव्हते.

आता बहिणीकडे वळते, कारण माझ्या मते या घरातली सर्वांत तातडीची गोष्ट तिची आहे. हिंदू विवाह अधिनियमाच्या कलम 29(2) मध्ये रूढीने मिळणारा घटस्फोट अबाधित ठेवला आहे, आणि पंच त्याच्याच आधारावर कागद करतात. पण सर्वोच्च न्यायालयाने 2002 मध्ये सांगितल्याप्रमाणे ही सामान्य कायद्याला असलेली सवलत आहे. ती मागणाऱ्याने अशी रूढी समाजात आहे, ती जुनी, अखंड आणि निश्चित आहे आणि सार्वजनिक धोरणाविरुद्ध नाही, हे स्पष्टपणे मांडून सिद्ध करावे लागते. शंभर रुपयांच्या मुद्रांकावर पाच पंचांचे अंगठे आहेत म्हणून रूढी सिद्ध होत नाही. आणि गंमत पाहा: दंड आला नाही म्हणून सहा वर्षांनी सोडचिठ्ठी मागे घेता येते, असे पंच स्वतःच म्हणत आहेत. जी सोडचिठ्ठी देणाऱ्याच्या मर्जीने परत घेता येते तिला निश्चित रूढी म्हणायचे कसे? ही धमकी ज्या दिवशी साक्षीदारांसमोर उच्चारली गेली, त्या दिवशी पंचांनी स्वतःच्याच कागदाची किंमत कमी केली.

या स्थितीत तिने दुसरे लग्न केले आणि पहिल्या नवऱ्याने उद्या तक्रार केली, तर न्याय संहितेच्या कलम 82 खाली द्विविवाहाचा, सात वर्षांपर्यंतच्या शिक्षेचा गुन्हा तिच्यावर लागू शकतो आणि दुसरे लग्न शून्य ठरू शकते. म्हणून साखरपुडा करायचा असेल तर करा, लग्नाची तारीख मात्र हुकूमनामा हाती येईपर्यंत धरू नका. पहिला नवरा तयार असेल तर हिंदू विवाह अधिनियमाच्या कलम 13-ब ची, परस्पर संमतीने घटस्फोटाची याचिका हा सगळ्यांत सरळ रस्ता आहे. वर्षभर वेगळे राहण्याची अट सहा वर्षांत केव्हाच पूर्ण झाली आहे, आणि सहा महिन्यांचा थांबण्याचा काळ माफ करण्याचा अधिकार न्यायालयाला असल्याचे 2017 मध्ये ठरलेले आहे. तो तयार नसेल तर कौटुंबिक न्यायालय अधिनियमाच्या कलम 7 खाली वैवाहिक दर्जाच्या घोषणेचा दावा करून, रूढीने घटस्फोट झाल्याचे जाहीर करा आणि तसे न झाल्यास सोडून देणे किंवा क्रूरता या कारणावर घटस्फोट द्या, अशी पर्यायी मागणी करता येते. जिथे कौटुंबिक न्यायालय नाही तिथे दिवाणी न्यायालयात. त्या जुन्या मुद्रांकावर ‘पोटगीचा हक्क सोडला’ असे लिहिले असेल तरी घाबरू नका. पोटगीचा कायदेशीर हक्क असा कागदावर सोडून देता येत नाही. नवऱ्याने मधल्या काळात दुसरे घर केले असेल तर तोही याच कलम 82 च्या सापळ्यात आहे, आणि बहुधा हीच गोष्ट त्याला 13-ब वर सही करायला राजी करेल.

शेवटी तडजोडीबद्दल. तुमची फिर्याद नोंदली गेली की पंधरा-वीस दिवसांत कोणीतरी वडीलधारा निरोप घेऊन येईल, आणि आईवडील सांगतील की मिटवून टाका. मिटवायला माझा विरोध नाही. बहिष्कार कायद्यातला गुन्हा पीडिताच्या संमतीने आणि न्यायालयाच्या परवानगीने आपसात मिटवता येतो. न्यायालयाच्या परवानगीने, हे शब्द लक्षात ठेवा. वकिलाच्या टेबलावर किंवा समाजमंदिरात लिहिलेल्या माफीनाम्याने खटला मिटत नाही, उलट त्यातल्या ‘आमचे लग्न समाजाच्या रीतीविरुद्ध झाले होते, याची आम्ही कबुली देतो’ अशा एखाद्या वाक्याचा पुढे वारसाच्या दाव्यात तुमच्याविरुद्ध वापर होऊ शकतो. तडजोडीच्या कागदावर लिहिणाऱ्यांची नावे, बहिष्काराचे कृत्य घडल्याची कबुली, तो मागे घेतल्याचे वाक्य, घेतलेली रक्कम परत केल्याचा तपशील आणि तुमच्या व पत्नीच्या विवाहाचा तारखेसह उल्लेख, एवढे तरी हवे; आणि बहिणीच्या सोडचिठ्ठीबद्दल त्यात एक अक्षरही येऊ देऊ नका, कारण तिच्याबद्दल पंचांकडून काही लिहून घेणे म्हणजे तो अधिकार त्यांना पुन्हा आपल्या हाताने देणे होय.